हसवणारे डॉक्टर, आहार सांगणारे डॉक्टर

डॉ. निलेश साबळे शिक्षणाने आयुर्वेदाचे डॉक्टर. ‘महाराष्ट्राचा सुपरस्टार’मधून पुढे आले, ‘फू बाई फू’चं निवेदन केलं आणि २०१४ पासून ‘चला हवा येऊ द्या’मुळे आमच्या निलंग्यातही घरोघरी माहीत झाले. नकला झकासच!

आरोग्यावर बोलणारे डॉ. जगन्नाथ दीक्षित तर लातूरच्या शासकीय वैद्यकीय महाविद्यालयात शिकवायचे. दिवसातून दोनदाच, ५५ मिनिटांच्या आत जेवण, हा त्यांचा सल्ला. सहरी-इफ्तार म्हणजे तेच की, असं काहीजण म्हणतात. पण रोज्यात पाणीही बंद असतं. शुगरची गोळी, इन्सुलिन चालू असलेल्या अम्मी-अब्बांनी रमजानआधी आपल्या डॉक्टरांना विचारावंच. आजाऱ्याला रोजे नंतर पूर्ण करण्याची मुभा कुरआनातच आहे (सूरह बकरा, १८४-१८५).