परकी झाडे, आपली नावे

तलवाडा हे बीड जिल्ह्याच्या गेवराई तालुक्यातले त्वरितादेवीचे गाव. नवरात्रात इथेच काय, मराठवाड्यातल्या कुठल्याही देवीच्या गावी झेंडूच्या माळांवाचून पूजा पुरी झाल्यासारखी वाटत नाही. पण हा झेंडू मूळचा मेक्सिकोचा. कोलंबस 1492 मध्ये अमेरिकेला पोहोचला, त्यापूर्वी आपल्याकडे हे फूल नव्हते. मग त्याआधीच्या दसऱ्याला तोरण कशाचे बांधत असतील? आंब्याची पाने होती, आपटा होता, आणखी काही फुले असतील. झेंडू मात्र नव्हता.

इंग्रजांची गंमत पाहा. ‘मेरीगोल्ड’, म्हणजे मेरीचे सोने, हे त्यांच्याकडच्या एका जुन्या पिवळ्या फुलाचे नाव. ते त्यांनी या पाहुण्याला दिले आणि वर ‘आफ्रिकन’ असे विशेषण लावले. फूल मेक्सिकोचे, नाव आफ्रिकेचे!

झाडाला नाव देताना माणूस बहुधा आपल्या घरातले, ओळखीचे काहीतरी त्याला चिकटवतो. म्हणूनच नावांकडे नीट पाहिले, तर नव्या पाहुण्याला गावाने कसे वागवले ते कळते.

काही पाहुणे आपले नाव बरोबर घेऊनच आले. अननस आणि काजू ही नावे ब्राझीलच्या तुपी लोकांच्या भाषेतली. पोर्तुगिजांच्या तोंडून ती आपल्याकडे आली आणि आपण ती जवळजवळ तशीच ठेवली.

काहींना मात्र आपण थेट घरात घेतले. सीताफळाचे उदाहरण घ्या. वनस्पतिशास्त्रज्ञ त्याचे मूळ अमेरिकेच्या उष्ण प्रदेशात मानतात. इंग्रजांना त्याच्या गरात दूध-अंड्याचे कस्टर्ड दिसले, म्हणून ते ‘कस्टर्ड ॲपल’ झाले. आपल्याला त्यात सीतामाई दिसली. मग त्याच्या भावंडाला रामफळ म्हणणे ओघानेच आले. बालाघाटच्या खडकाळ माळावर हे झाड असे रुजले, की 2016 मध्ये बीडच्या सीताफळाला भौगोलिक मानांकन मिळाले. समुद्रापलीकडून आलेले फळ जिल्ह्याची ओळख झाले.

सगळ्यांच्याच नशिबी असा मान नव्हता. गेवराई तालुक्यातून जायकवाडीचा उजवा कालवा जातो. अशा कालव्यांच्या आणि ओढ्यांच्या कडेने जांभळट फुलांची एक झुडपे माजतात. फांदी तोडून फेकली, तरी जिथे पडेल तिथे ती मूळ धरते. लोकांनी नाव ठेवले ‘बेशरम’. कुणी पाणी घालत नाही, तरी पडीक रानभर पसरते ती ‘येडी बाभळ’. पानांना उग्र वास येतो ती ‘घाणेरी’. हे तिघेही अमेरिका खंडातले. गाजर गवतही तिकडचेच. त्याची पुण्याकडची नोंद 1956 मध्ये प्रसिद्ध झाली. पाने गाजरासारखी म्हणून गाजर गवत. ‘काँग्रेस गवत’ का? कुणी पांढऱ्या फुलांना पांढऱ्या टोपीची उपमा देतात, कुणी त्या वेळच्या सरकारकडे बोट दाखवतात. गावाने गवताला नाव देता देता राज्यकर्त्यांनाही चिमटा काढला.

नाव कधी फसवतेही. पिवळ्या धोत्र्याचे बोंड काटेरी, म्हणून तो धोत्रा. पण खऱ्या धोत्र्याशी त्याचे नाते नाही; तो अफूच्या कुळातला आणि मूळचा मेक्सिकोचा. त्याचे बी मोहरीसारखे दिसते. 1998 मध्ये दिल्लीत मोहरीच्या तेलात त्याच्या तेलाची भेसळ झाली आणि अनेकांचे जीव गेले. झाड नुसत्या नावाने ओळखून भागत नाही, ते डोळ्यांनाही ओळखीचे असावे लागते.

ही ओळख कागदावर उतरणेही तितकेच महत्त्वाचे. थिओडोर कुक यांचा मुंबई इलाख्यातील वनस्पतींवरचा ग्रंथ 1901 ते 1908 या काळात निघाला आणि त्यात स्थानिक नावेही नोंदली गेली. पण बीड तेव्हा निजामाच्या राज्यात, म्हणजे इलाख्याच्या हद्दीबाहेर. मराठवाड्याच्या वनस्पतींवरचा डॉ. व्ही. एन. नाईक यांचा दोन खंडांचा ग्रंथ यायला 1998 साल उजाडले.

ग्रंथात झाडाचे शास्त्रीय नाव, कूळ, पानाफुलांचे वर्णन मिळते. पण बांधावरच्या एका रोपाला एक आजी ‘एकदांडी’ म्हणते आणि दुसरी ‘दगडीपाला’, हे ऐकायला बांधावरच जावे लागते. पहिलीने त्याचा एकच उंच दांडा पाहिला. दुसरी विळा लागलेल्या बोटावर त्याचाच पाला चुरगळून लावते. हे रोपही अमेरिकेतूनच आलेले, पण त्याचा गुण आपल्या बायाबापड्यांनी वापरून पाहिला आणि लक्षात ठेवला. शाळेतल्या मुलांनी वहीत झाडाचे पान चिकटवावे, आजीने सांगितलेले नाव शेजारी लिहावे आणि हे नाव का पडले तेही तिला विचारावे. आजी गेल्यावर झाड बांधावर राहील, नाव मात्र वहीतच सापडेल.