पात्रिसियो गुस्मान

पात्रिसियो गुस्मान (जन्म १९४१) : चिलीचे माहितीपटकार. लेखकाने ‘आयेंदे यांचे चित्रणकार’ एवढ्यावरच त्यांची ओळख थांबवली आहे, ती फार अपुरी आहे. राष्ट्राध्यक्ष साल्वादोर आयेंदे यांच्याविरुद्ध झालेल्या ११ सप्टेंबर १९७३च्या लष्करी उठावानंतर गुस्मान यांना सांतियागोच्या राष्ट्रीय स्टेडियममध्ये डांबण्यात आले. त्यांनी चित्रित केलेली रिळे मात्र स्वीडिश दूतावासाच्या मदतीने देशाबाहेर पोहोचली आणि क्यूबात संकलन होऊन ‘द बॅटल ऑफ चिली’ (तीन भाग, १९७५-७९) आकाराला आला. त्याचे छायालेखक होर्हे म्युलर सिल्वा यांना १९७४ मध्ये गुप्त पोलिसांनी उचलून नेले. ते परतले नाहीत. या माहितीपटाबद्दल लिहिताना त्यांचे नाव वगळणे मला अन्यायाचे वाटते.

सुटकेनंतर निर्वासित झालेल्या गुस्मान यांनी पुढे चिलीत परतून हा माहितीपट तिथल्या तरुण विद्यार्थ्यांना दाखवला. काहींनी उठावाचे समर्थन केले, काहींना रडू आवरले नाही. हा सारा प्रसंग ‘चिली, ऑब्स्टिनेट मेमरी’मध्ये (१९९७) आहे. प्रस्तुत प्रकरणात वर्णन केलेल्या, आताकामाच्या वाळवंटात आप्तांच्या अस्थी शोधणाऱ्या स्त्रिया ‘नॉस्टॅल्जिया फॉर द लाइट’ (२०१०) या नंतरच्या माहितीपटातल्या आहेत. — संपादक