प्लेस्टेशन २ वर होमब्रू गेम सुरू होत नसेल, तर दोष कुठे शोधावा?

सोनी कंपनीचे प्लेस्टेशन २ हे गेम कन्सोल ४ मार्च २००० रोजी जपानमध्ये विक्रीस आले आणि जानेवारी २०१३ मध्ये त्याचे उत्पादन थांबल्याचे जाहीर झाले. या काळात त्याचे १५ कोटींहून अधिक नग विकले गेले. भारतातही त्याचा चाहतावर्ग मोठा होता. हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीज या कंपनीने २००९ मध्ये ‘हनुमान : बॉय वॉरियर’ हा खेळ याच यंत्रासाठी तयार केला होता. आज अनेक घरांत हे यंत्र माळ्यावर पडून असते. कधीतरी ते खाली काढले जाते, तेव्हा डिस्क वाचणारी लेझर भिंग थकलेली असते आणि डिस्कांवर चरे पडलेले असतात. मग मेमरी कार्ड आणि पेनड्राइव्ह यांच्या साहाय्याने चालणाऱ्या ‘होमब्रू’ खेळांकडे लक्ष वळते.

कंपनीचा परवाना न घेता हौशी प्रोग्रॅमरांनी एखाद्या कन्सोलसाठी लिहिलेले खेळ आणि साधने म्हणजे होमब्रू. ही कल्पना सोनीलाही अगदी परकी नव्हती. कंपनीने स्वतःच प्लेस्टेशन २ साठी लिनक्स संच विकला होता. त्यात हार्ड डिस्क, कीबोर्ड आणि माउस मिळत असे. मात्र होमब्रू आणि विकाऊ खेळांच्या चोरट्या प्रती यांत गल्लत होऊ नये. भारतीय कॉपीराइट कायद्यात २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५अ हे हक्कभंगाच्या हेतूने संरक्षक कुलपे तोडण्यास शिक्षापात्र ठरवते. लेखकाने स्वतः मोफत वाटलेला खेळ आपल्या यंत्रावर चालवणे ही त्याहून वेगळी बाब आहे. पुढील विवेचन अशाच खेळांपुरते आहे.

असा खेळ सुरू होण्यासाठी पाच टप्पे पार पडावे लागतात. यंत्राने मेमरी कार्डावरील प्रोग्रॅम ओळखणे, त्या प्रोग्रॅमने लाँचर उघडणे, लाँचरला पेनड्राइव्ह दिसणे, पेनड्राइव्हवरील फाइल स्मृतीत चढणे आणि त्या फाइलला तिची उर्वरित सामग्री सापडणे. गाडी ज्या टप्प्यावर अडते, तिथेच दोष असतो. हे न पाहता सगळेच एकदम बदलण्याचा मोह अनेकांना होतो. पेनड्राइव्ह नवा, फाइल नवी, शेवटी मेमरी कार्डही फॉरमॅट. खेळ तरीही उघडत नाही आणि कार्डावर साठवलेली पंधरा वर्षांपूर्वीची प्रगती मात्र कायमची पुसली जाते. काही धडधाकट यंत्रे ‘बिघडली’ म्हणून भंगारात जातात, तीही याच घाईमुळे.

कार्ड आणि पहिला पडदा

यंत्र सुरू केल्यावर नेहमीचाच मेनू आला आणि ‘फ्री एमसीबूट’चा मागमूस नसेल, तर पेनड्राइव्हला हात लावण्याचे कारण नाही. अडचण कार्डात आहे किंवा यंत्राच्या आवृत्तीत आहे.

प्लेस्टेशन २ मध्ये स्वतःचा मेनू अद्ययावत करण्याची सोय आहे. सुरू होताना ते मेमरी कार्डावर अशा अद्ययावत फाइलचा शोध घेते. फ्री एमसीबूट त्या फाइलचेच रूप घेऊन कार्डावर बसतो. पण ही फाइल मॅजिकगेट या संरक्षक व्यवस्थेमार्फत त्या विशिष्ट कार्डाशी बांधलेली असते. त्यामुळे मित्राच्या कार्डावरील फोल्डर आपल्या कार्डावर उतरवून काहीही साध्य होत नाही. आपल्या कार्डावर इन्स्टॉलर चालवावाच लागतो. ज्या स्वस्त नकली कार्डांत मॅजिकगेट नीट राबवलेले नसते, त्यांवर इन्स्टॉलेशन अर्ध्यावर थांबते किंवा पूर्ण झाल्यासारखे दिसूनही काम करत नाही. ८ एमबीचे मूळ सोनी कार्ड हाच सर्वात विश्वासू पर्याय.

इन्स्टॉलर दोन प्रकार पुढे ठेवतो. सामान्य प्रकारातील कार्ड ज्या यंत्रावर तयार केले त्या यंत्रासाठी असते. बहुयंत्री प्रकारातील कार्ड वेगवेगळ्या आवृत्त्यांवर चालते. उसन्या कार्डाने आपल्या यंत्रावर दाद दिली नाही, तर ते सामान्य प्रकारचे असण्याची शक्यता आधी विचारात घ्यावी. बहुयंत्री प्रकार आकर्षक वाटतो, पण त्यासाठी कार्डाच्या फाइल-नोंदींत अनेक नावे एकाच जागेकडे वळवली जातात. त्यातील एखादे फोल्डर हाताने पुसले की बाकीच्या नोंदी कोलमडतात आणि खेळांची साठवणही त्यात सापडू शकते. एकच यंत्र असलेल्याने सामान्य प्रकारावर समाधान मानणे शहाणपणाचे.

साठवणीची प्रत आधीच काढता येते, ही गोष्ट फारशी कोणाच्या ध्यानात नसते. यूलाँचईएलएफ या फाइल-व्यवस्थापकातून कार्डावरील प्रत्येक खेळाचे फोल्डर ‘पीएसयू’ स्वरूपात पेनड्राइव्हवर उतरवता येते. साध्या नक्कलप्रतीत काही माहिती गळू शकते, पीएसयूत ती टिकते. हे काम दहा-पंधरा मिनिटांचे आहे आणि कोणताही प्रयोग करण्याआधी ते उरकून घ्यावे.

आता यंत्राच्या आवृत्तीविषयी. मागील बाजूच्या पट्टीवर एससीपीएच या अक्षरांनंतर मॉडेलचा आकडा आणि जवळच निर्मितीचा संकेत छापलेला असतो. ९०००० मालिकेतील सडपातळ यंत्रांपैकी ज्यांत २.३० क्रमांकाचे मूळ सॉफ्टवेअर आहे, त्यांत सोनीने ही वाट बंद केली. निर्मितिसंकेत ‘८सी’ किंवा त्यानंतरचा असेल, तर हा संशय बळावतो. अशा यंत्रावर फ्री एमसीबूट कितीही वेळा बसवला तरी चालणार नाही, आणि त्याचा दोष कार्डाकडे जात नाही. त्यांच्यासाठी फॉर्चुना किंवा त्यावरून पुढे आलेला ओपनट्यूना हा वेगळा मार्ग आहे. २०२० मध्ये प्रसिद्ध झालेला फ्रीडीव्हीडीबूट डीव्हीडी-प्लेअरमधील त्रुटीचा उपयोग करतो. त्यासाठी लागणारी डिस्क डीव्हीडी-प्लेअरच्या आवृत्तीनुसार निवडावी लागते. मुख्य मेनूत त्रिकोणाचे बटण दाबल्यास ती आवृत्ती दिसते. डिस्क लिहून झाल्यावर ती ‘फायनलाइज’ केली नसेल किंवा यंत्राची भाषा इंग्रजीखेरीज अन्य असेल, तर याही मार्गात अडथळा येऊ शकतो.

कोकणपट्टीत, म्हणजे गोव्यातही, एक साधा उपाय सर्वांआधी करून पाहावा. दमट आणि खारट हवेत पडून राहिलेल्या कार्डाच्या व खाचेच्या धातूच्या पट्ट्यांवर थर चढतो. यंत्र बंद करून आयसोप्रोपिल अल्कोहोल लावलेल्या कापसाच्या काडीने त्या पुसाव्यात, सुकू द्याव्यात आणि मगच कार्ड लावावे.

पेनड्राइव्ह दिसत नाही तेव्हा

लाँचर उघडतो पण ‘मास’ या नावाखाली रिकामी यादी दिसते, ही नेहमीची तक्रार. प्लेस्टेशन २ चे यूएसबी १.१ प्रकारचे आहे आणि जुने लाँचर केवळ एफएटी३२ ही मांडणी ओळखतात. आज बाजारात मिळणारे मोठे पेनड्राइव्ह बहुधा एक्सएफएटी मांडणीत येतात. लाँचरांच्या नव्या आवृत्त्या ती वाचतात, जुन्या वाचत नाहीत. विंडोजचे नेहमीचे फॉरमॅट-साधन मोठ्या पेनड्राइव्हसाठी एफएटी३२ चा पर्यायच दाखवत नाही, तेव्हा स्वतंत्र साधन वापरावे लागते. शिवाय विभागणी-तक्ता एमबीआर प्रकारचा ठेवावा. संगणकाला जीपीटी चालतो, म्हणून कन्सोललाही चालेल असे गृहीत धरू नये.

यूएसबी हब मध्ये नको. बाह्य हार्ड डिस्क स्वतंत्र वीजपुरवठ्याविना जोडली, तर यंत्राच्या पोर्टमधून तिला पुरेशी वीज मिळेलच असे नाही. ती फिरायला लागते, टिकटिकते आणि थांबते. पेनड्राइव्हवरील दिवा लुकलुकत असेपर्यंत यादी उघडण्याची घाईही नको. यंत्राला तो ओळखण्यास काही क्षण लागतात. यातून काहीच साधले नाही, तर कमी क्षमतेचा जुना पेनड्राइव्ह लावून पाहावा. तो दिसला की यंत्रावरचा संशय मिटला.

काळा पडदा

नाव निवडले, बटण दाबले आणि पडदा काळा झाला. सर्वाधिक गोंधळ इथेच होतो, कारण एकाच काळ्या पडद्यामागे अगदी वेगवेगळी कारणे असतात.

पहिले कारण फाइलचे. प्लेस्टेशन २ चे होमब्रू ‘ईएलएफ’ प्रकारच्या फाइलमध्ये असते. पण हेच नाव निन्टेन्डो वीसह इतर यंत्रांचे प्रोग्रॅमही वापरतात. शेपूट सारखे असले तरी आतील सूचना वेगळ्या प्रोसेसरसाठी असतात, आणि त्या या यंत्राला कळत नाहीत. खेळ नेमका कोणत्या कन्सोलसाठी बांधला आहे, हे त्यासोबतच्या माहितीपत्रकात पाहावे. फाइल झिपमधून बाहेर काढली आहे ना, तिचा आकार मूळ आकाराशी जुळतो ना, हेही तपासावे. एफटीपीने पाठवताना ‘अस्की’ पद्धत चालू राहिली, तर फाइलमधील बाइट बदलतात. पाठवणी ‘बायनरी’ पद्धतीनेच हवी.

दुसरे कारण चित्राचे. खेळ आत सुरू झालेला असतो, पण टीव्हीला तो दाखवता येत नाही. पाल पद्धतीत सेकंदाला ५० आणि एनटीएससीत सुमारे ६० वेळा चित्र उमटते, आणि एकाच पद्धतीवर अडून बसणारे टीव्ही अजून वापरात आहेत. पिवळ्या प्लगच्या साध्या केबलवरून ‘४८०पी’ चित्र जातच नाही. आवाज येतो पण चित्र नाही, अशी स्थिती असेल तर कारण बहुधा हेच. ओपन पीएस२ लोडर सुरू होताना त्रिकोण आणि फुली ही दोन्ही बटणे दाबून धरल्यास त्याची चित्रपद्धत मूळपदावर येते.

तिसरे कारण यंत्राच्या रचनेतच दडलेले आहे. प्लेस्टेशन २ मध्ये खेळ चालवणाऱ्या मुख्य प्रोसेसरखेरीज एक धाकटा प्रोसेसर असतो. कंट्रोलर, मेमरी कार्ड आणि यूएसबी यांची कामे त्याच्याकडे असतात आणि त्याच्यापाशी स्वतःची २ एमबी स्मृती असते. पेनड्राइव्ह वाचणारा ड्रायव्हर यंत्रात कायमचा बसवलेला नसतो. लाँचर तो या धाकट्याच्या स्मृतीत चढवतो. आता अनेक होमब्रू प्रोग्रॅम सुरू होताच धाकट्या प्रोसेसरला नव्याने सुरू करतात, जेणेकरून आधीचे काही शिल्लक राहू नये. त्यासरशी लाँचरने चढवलेला ड्रायव्हरही पुसला जातो. खेळाने स्वतःचा ड्रायव्हर चढवला तर ठीक. तो विसरला तर ज्या पेनड्राइव्हवरून तो नुकताच उघडला, तोच त्याला दिसेनासा होतो. चित्रे आणि आवाज त्या पेनड्राइव्हवरच असल्याने खेळ काळ्या पडद्यावर वाट पाहत राहतो.

लेखकाने आपला खेळ संगणकाला जोडलेल्या यंत्रावर तपासला असेल, तर ही चूक त्याच्या लक्षातही येत नाही. यावर वापरणाऱ्याच्या हातात तीन गोष्टी असतात. खेळाची नवी आवृत्ती शोधणे, दुसऱ्या लाँचरमधून तो उघडून पाहणे किंवा खेळ लहान असल्यास त्याचे संपूर्ण फोल्डर मेमरी कार्डावर ठेवणे. ७५००० मालिकेपासून पुढच्या सडपातळ यंत्रांत हा धाकटा प्रोसेसर मूळ स्वरूपात नाही. दुसऱ्याच प्रकारची चिप त्याची नक्कल करते. त्यामुळे एखादा जुना प्रोग्रॅम जाड यंत्रावर चालतो आणि सडपातळ यंत्रावर अडतो, याचे नवल वाटू नये.

मार्गाचा प्रश्नही याच जातीचा. खेळ आपली सामग्री ठरावीक नावाच्या फोल्डरमध्ये शोधतो. ते फोल्डर दुसऱ्या फोल्डरच्या आत गेले, नावात मोकळी जागा आली किंवा अक्षरांची लहान-मोठी रूपे बदलली की शोध फसतो. डिस्कवरून चालणाऱ्या होमब्रूत नियम आणखी कडक आहेत. फाइलनावे मोठ्या लिपीत, आठ अक्षरे अधिक तीन अक्षरांचे शेपूट अशी हवीत आणि ‘सिस्टिम.सीएनएफ’ फाइलमध्ये सुरुवातीच्या प्रोग्रॅमचे नाव तंतोतंत लिहिलेले हवे. अशी डिस्क यंत्रात मॉडचिप नसेल किंवा वर उल्लेखिलेला डीव्हीडीचा मार्ग वापरलेला नसेल, तर मुळात वाचलीच जात नाही.

सुरू होतो, पण अडखळतो

यूएसबी १.१ चा कागदावरचा वेग सेकंदाला १२ मेगाबिट, म्हणजे प्रत्यक्षात जेमतेम एक मेगाबाइट. चित्रफिती अडखळणे किंवा पुढचा टप्पा उघडण्यास वेळ लागणे हा बिघाड नव्हे, ती या वाटेची मर्यादा आहे; पेनड्राइव्ह कितीही महाग घेतला तरी ती बदलत नाही. एफएटी३२ वर एका फाइलचा आकार ४ जीबीपेक्षा कमी असावा लागतो. ओपन पीएस२ लोडरच्या जुन्या आवृत्त्यांना डिस्क-प्रतिमेची फाइल पेनड्राइव्हवर सलग लिहिलेली हवी असते. तुकड्यांत विखुरलेली फाइल त्या नाकारतात. पेनड्राइव्ह रिकामा करून फाइली एकामागून एक उतरवल्या की हा प्रश्न बहुधा सुटतो.

जाड यंत्राच्या मागच्या कप्प्यात नेटवर्क अडॅप्टर आणि आतली हार्ड डिस्क बसते. वेग हवा असेल तर तीच चांगली सोय. लोकल नेटवर्कवरून संगणकातील खेळ वाचण्याचा मार्ग दोन्ही प्रकारच्या यंत्रांवर आहे, पण तो एसएमबीच्या पहिल्या आवृत्तीवर अवलंबून असतो. ती आवृत्ती विंडोज १० च्या २०१७ नंतरच्या नव्या इन्स्टॉलेशनांत मुळातच बंद ठेवलेली आहे. सुरक्षेच्या दृष्टीने ते योग्यच. म्हणून घरातील कामाच्या संगणकावर ती चालू करण्यापेक्षा या कामासाठी जुना संगणक बाजूला ठेवावा आणि तो इंटरनेटला जोडू नये.

प्रत्येक वेळी तारीख आणि वेळ विचारणाऱ्या यंत्राची घड्याळाची बॅटरी संपलेली असते. ती सीआर२०३२ या नावाने घड्याळजींकडे मिळते, आणि ती संपली म्हणून होमब्रू खेळ उघडायचे थांबत नाहीत.