रोमा, डोंब आणि काशीचा घाट

काशीच्या संकठा घाटावरून प्रवाहाच्या उलट दिशेने चालू लागले की शिंदे घाट लागतो आणि त्यापुढे मणिकर्णिका. उत्तरेस नागपूरकर भोसल्यांचा घाट आहे. मराठी सरदारांच्या या पायऱ्यांचा उल्लेख आपण अभिमानाने करतो. त्यांच्या सान्निध्यात पिढ्यान्‌पिढ्या चिता रचणारे डोंब मात्र हरिश्चंद्राच्या कथेपुरतेच आठवतात.

युरोपातील रोमांच्या अभ्यासात हेच नाव मध्यवर्ती आहे. 'रोम' हा शब्द 'डोम'पासून आला, असे बहुतेक भाषाशास्त्रज्ञ मानतात. आर्मेनियातील शाखा स्वतःला 'लोम' म्हणवते, पश्चिम आशियातील 'डोम'. रोमानी भाषेतील पानी, नाक, कान, मनुष, गाव हे शब्द मराठी वाचकास ऐकताक्षणीच उमगतात. बाराव्या शतकातील कल्हणाच्या 'राजतरंगिणी'त डोंब येतो तो गायक म्हणून. त्याची कन्या हंसी हिच्यावर राजा चक्रवर्मा मोहित होतो. म्हणजे हे नाव केवळ दहनकर्म्यांचे नव्हते. गाणारे, बांबूच्या टोपल्या-सुपे विणणारे असे अनेक गट त्यात सामावत. म्हणूनच आजच्या काशीतील डोंबांना रोमांचे पूर्वज ठरविणे घाईचे होईल. शब्दाची वंशावळ ही रक्ताची वंशावळ नव्हे.

साम्य आहे ते वागणुकीत. मणिकर्णिकेवर चितेचा अग्नी डोंबाकडूनच घ्यावा लागतो. कुटुंबांच्या पाळ्या वारसाहक्काने ठरलेल्या असतात. राख पाण्यात गाळून त्यातील सोन्याचे कण शोधणे हाही उपजीविकेचा भाग. ज्याच्या हातच्या अग्नीवाचून मोक्ष नाही, त्याच्या हातचे पाणी मात्र चालत नसे! घाटापासून दूर, गोरखपूर-चंपारणकडील मघैया डोंबांची गत याहून वाईट झाली. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याच्या राजवटीत जन्म हाच त्यांचा गुन्हा ठरला. पुढे याच कायद्याने सोलापुरात कैकाडी, पारधी तारेच्या कुंपणात कोंडले गेले. युरोपात वालाचियातील रोमांची गुलामगिरी १८५६ मध्ये संपली. शतक उलटण्यापूर्वीच नाझींनी लक्षावधी रोमांना ठार केले.

भारतातील तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला. कैकाडी कुटुंबाची पाठीवरच्या बिऱ्हाडाची कहाणी लक्ष्मण माने यांच्या 'उपरा'मुळे १९८० मध्ये मराठी वाचकांसमोर आली. नोंदींचा गुंता मात्र सुटलेला नाही. उत्तर प्रदेशात डोम अनुसूचित जातींत आहेत. कैकाडी मात्र विदर्भाच्या बहुतेक भागात अनुसूचित जातींत, तर उर्वरित महाराष्ट्रात विमुक्त जातींत गणले जातात. जिल्ह्याची सीमा ओलांडली की त्याच कुळाचा प्रवर्ग बदलतो.