इशारा वेळेवर पोहोचावा म्हणून

हवामानाचा अंदाज म्हटला की उपग्रह आणि महासंगणक डोळ्यांपुढे येतात. भारतातील चक्रीवादळांच्या अभ्यासाचा आरंभ मात्र जहाजांच्या रोजनिशांतून झाला. कलकत्त्यातील हेन्री पिडिंग्टन यांनी निरनिराळ्या जहाजांवरील वारा आणि वायुदाब यांच्या नोंदी एकत्र मांडून बंगालच्या उपसागरातील वादळांचे मार्ग रेखाटले. सापाच्या वेटोळ्याची कल्पना मनात ठेवून 'सायक्लोन' हा शब्द त्यांनीच घडवला. मातला नदीवर नवे बंदर बांधल्यास वादळी लाटा ते उद्ध्वस्त करतील, असे त्यांनी १८५३ मध्ये गव्हर्नर जनरलला कळवले होते. बंदर तरीही उभारले गेले आणि १८६७ च्या वादळात पोर्ट कॅनिंगची वाताहत झाली. ते पाहायला पिडिंग्टन हयात नव्हते.

तत्पूर्वी, ५ ऑक्टोबर १८६४ रोजी कलकत्त्यावर आलेल्या वादळाने हजारो बळी घेतले होते. उपसागराचा उत्तर भाग उथळ आणि निमुळता असल्याने वाऱ्याने लोटलेले पाणी तेथे उंच चढते. बहुतेक मृत्यू त्या पाण्यानेच झाले. पुढच्याच वर्षी कलकत्ता बंदरासाठी वादळाची पूर्वसूचना देण्याची व्यवस्था सुरू झाली. तिचा आधार होता तारयंत्र. वादळ तासाला साधारण पंधरा-वीस किलोमीटर सरकते, तार मात्र काही मिनिटांत पोहोचते. पूर्वसूचना या दोन वेगांतील तफावतीवर उभी होती. १८७५ मध्ये हवामान विभाग स्थापन झाला आणि हेन्री ब्लॅनफर्ड यांच्याकडे विखुरलेल्या वेधशाळांना एका सूत्रात बांधण्याचे काम आले.

तथापि, अचूक अंदाज आणि वाचलेले प्राण यांत अंतर असते. ऑक्टोबर १९९९ मध्ये ओडिशाला महाचक्रीवादळाचा इशारा आधी मिळाला होता. परंतु किनाऱ्यावर निवारे मोजके होते आणि सुमारे दहा हजार माणसे दगावली. २०१३ मध्ये 'फायलिन' धडकण्यापूर्वी सुमारे दहा लाख लोकांना हलवण्यात आले आणि मृतांचा आकडा पन्नाशीच्या आत राहिला. दोन्ही वादळे सारखी नव्हती, हे खरे. फायलिनच्या वेळी लाटही कमी उंच होती. पण मधल्या चौदा वर्षांत उपग्रह आणि रडार यांच्या जोडीला गावोगावचे पक्के निवारे, स्थलांतराच्या योजना आणि दारोदार जाणारे स्वयंसेवक उभे राहिले होते.

विज्ञानाच्या विद्यार्थ्यांनी अंदाजातील त्रुटी जरूर मोजावी. त्याबरोबरच, तो ऐकणाऱ्याला जाण्यासाठी सुरक्षित जागा आहे का, हेही विचारावे.