कार्टरचा शब्द

सन २०२१ च्या उन्हाळ्यात, महामारीची दुसरी लाट ओसरण्याच्या बेतात असता, 'काळी बुरशी' हे दोन शब्द वर्तमानपत्रांच्या द्वारे आमच्या ठाकूरद्वारच्या चाळीत येऊन पोचले. ते एकटे आले नाहीत. कांद्याच्या सालीखाली दिसणारी काळी पूड हीच ती बुरशी, अशी पुस्ती वाटेत कोणीतरी त्यांना जोडून दिली होती. आमच्या मामींनी पावसाळ्याच्या बेगमीचे सारे कांदे गॅलरीत पसरले आणि ज्यावर म्हणून काळा डाग दिसला तो कांदा निर्दयपणे बाहेर काढला. निम्मी टोपली रिकामी झालेली पाहून आम्ही त्यांची समजूत घालू लागलो. तेव्हा त्यांनी विचारले, "अरे, ही काळी नाही का? मग काळी बुरशी ती आणखी कोणती?"

या प्रश्नास आमच्यापाशी तत्काळ उत्तर नव्हते. पुढे शोध घेता असे कळले की मामींचे तर्कशास्त्र बिनचूक होते, चूक होती ती नावाची. कांद्यावरील बुरशीचे शास्त्रीय नाव 'ॲस्पर्जिलस नायगर'. मिकेली नावाच्या फ्लॉरेन्सच्या धर्मगुरूने १७२९ साली तिच्या कुळास देवळातील तीर्थ शिंपडण्याच्या कुंचल्यावरून 'ॲस्पर्जिलस' म्हटले, आणि 'नायगर' म्हणजे काळा. ही बुरशी खरोखरच काळी आहे. उलट, २०२१ साली रोग्यांचे डोळे नि जबडे ज्या म्युकर वर्गाच्या बुरशीने नेले, तिचे तंतू मांसात पाहिले तर जवळजवळ रंगहीन असतात. ती रक्तवाहिन्यांत शिरून रक्ताचा पुरवठा तोडते, मांस मरते आणि मेलेले मांस काळे पडते. नाव ठेवणाऱ्याने रोग्याच्या चेहऱ्यावरील काळेपणा पाहिला आणि तो बुरशीच्या माथी मारला!

पाहिले एक आणि नाव दिले भलत्यालाच, हा प्रकार आमच्या शहरात प्रथमच घडला असे मात्र नव्हे. ठाकूरद्वाराहून सी. पी. टँक व नळबाजार करीत अर्ध्यापाऊण तासात पायी गाठता येईल अशा भायखळ्याच्या ग्रँट वैद्यक महाविद्यालयात, १८६० च्या सुमारास, बुरशीविषयीचा एक शब्द जन्मास आला व तेथून तो जगाच्या वैद्यकात गेला. त्या शब्दाची, आणि त्याच्या पाठोपाठ जन्मून अल्पायुषी ठरलेल्या दुसऱ्या एका नावाची, हकीकत वाचकांस सांगावी असा आमचा हेतू आहे.

हेन्री व्हॅनडाइक कार्टर याचा जन्म १८३१ साली इंग्लंडात हल येथे झाला. बाप चित्रकार, मुलगा वैद्यक शिकला. पण हाताचे वळण बापाचेच राहिले. ग्रे याचा जो शरीरशास्त्रावरील ग्रंथ आजही वैद्यकाच्या विद्यार्थ्यांच्या टेबलावर असतो, त्याच्या १८५८ च्या पहिल्या आवृत्तीतील ३६३ आकृत्या कार्टरच्या. त्यांबद्दल त्यास १५० पौंड एकरकमी मिळाले, ग्रंथाचे पुढील उत्पन्न ग्रेकडे राहिले, आणि मुखपृष्ठावर कार्टरचे नाव ग्रेच्या नावाहून बारीक टाइपात छापले जावे याची ग्रेने स्वतः मुद्रिते तपासताना काळजी घेतली. ग्रंथ बाजारात आला तेव्हा कार्टर लंडनात नव्हताच. त्याच वर्षी तो मुंबईस येऊन दाखल झाला होता व पुढे ग्रँट महाविद्यालयात शरीररचना शिकवू लागला होता.

जमशेटजी जिजीभाई रुग्णालयात येणाऱ्या रोग्यांमध्ये त्यास एक विलक्षण पाय दिसू लागला. सुजून बेढब झालेला, जागोजाग गाठी, प्रत्येक गाठीस तोंड, आणि त्या तोंडांतून पुवाबरोबर बाहेर पडणारे बारीक कण. कण कधी बंदुकीच्या दारूसारखे काळे, तर कधी माशाच्या गाबोळीसारखे फिके पिवळट. रोगी बहुधा अनवाणी चालणारे शेतकरी व मजूर. काटा बोचतो, मातीतले काहीतरी त्याबरोबर आत जाते, आणि पुढे वर्षानुवर्षे, फारसे न दुखता, पाय आतून पोखरला जातो. दुखत नाही म्हणून माणूस दवाखान्यात उशिरा येतो, आणि त्या काळी उशिरा आलेल्यास एकच उपाय होता, तो म्हणजे पाय कापणे.

रोग नवा नव्हता. मदुरेच्या दवाखान्यातील इंग्रज डॉक्टरांनी १८४० नंतरच्या दशकात तो नोंदला होता, त्यावरून त्यास 'मदुरेचा पाय' म्हणत. आमच्याकडे सुश्रुताने क्षुद्ररोगांत 'वल्मीक' म्हणून एक व्याधी सांगितली आहे. तळहात, तळपाय, सांधे, मान अशा ठिकाणी वारुळासारखी वाढणारी, अनेक मुखांनी स्रवणारी गाठ, असे तिचे स्वरूप. ठाकूरद्वारापासून जवळच असलेल्या कोळभाट गल्लीतील निर्णयसागर छापखान्याने सुश्रुतसंहिता शुद्ध स्वरूपात छापून काढली, तीत हे प्रकरण कोणासही पाहता येईल. वल्मीक आणि मदुरेचा पाय एकच, असे ठासून सांगणारे पुष्कळ आहेत. आम्ही त्यांत नाही. वर्णन जुळते, पण मानेवरची गाठ आणि शेतकऱ्याचा पाय हे दोन्ही त्या एका शब्दात मावतात. इतके मात्र खरे की 'वारूळ' म्हणणाऱ्याने डोळ्यांना दिसले तेवढेच सांगितले, कारणाबद्दल शब्दही काढला नाही.

कार्टरने कारणाबद्दल शब्द काढला. कण सूक्ष्मदर्शकाखाली धरता त्यास आत तंतूंची गुंफण दिसली, आणि हा बुरशीचा रोग आहे असे त्याने मुंबईच्या वैद्यकीय मंडळीपुढे मांडले. नाव दिले 'मायसेटोमा'. ग्रीक भाषेत 'मायकेस' म्हणजे अळंबी, बुरशी; 'ओमा' हा गाठीचा प्रत्यय. आमच्या भाषेत 'कवकार्बुद' म्हणता येईल. हे नाव गाठीचे आहे, बुरशीचे नव्हे, हा भेद वाचकांनी ध्यानात ठेवावा. पुढील सारी कथा त्यावर अवलंबून आहे.

कारण बुरशीसही नाव हवेच होते. कार्टरपाशी जपून ठेवलेल्या नमुन्यांवर गुलाबी रंगाची एक बुरशी उगवली. ती इंग्लंडात रेव्हरंड बर्कली यांजकडे गेली. बटाट्याच्या ज्या रोगाने आयर्लंड उपाशी मेले तो बुरशीमुळे होतो, असे १८४६ साली सांगणारे ते हेच बर्कली. त्यांच्या शब्दास मोठे वजन होते. त्यांनी या गुलाबी बुरशीचे 'कायोनायफी कार्टेराय' असे बारसे केले. या शास्त्रात आडनाव आधी आणि व्यक्तीचे नाव मागून येते. आडनाव हिम आणि जाळे या अर्थाच्या ग्रीक शब्दांचे, वितळत्या बर्फाखाली आढळलेल्या बुरशीवरून पडलेले. आणि ते चिकटविले दख्खनच्या शेतकऱ्याच्या पायास! नाव कार्टरचे. या ठिकाणी एक गमतीची गोष्ट सांगितली पाहिजे. मुंबईत तेव्हा आणखी एक डॉक्टर कार्टर होते, हेन्री जॉन, मुंबईच्या तळ्यांतील गोड्या पाण्याच्या स्पंजांचा अभ्यास करणारे. आणि या बुरशीच्या चर्चेत त्यांनीही लेखणी चालविली होती. तळी बुजली, सी. पी. टँकला टाकी उरली नाही, आणि आता दोघा कार्टरांची पुस्तकांतून सर्रास गल्लत होते.

गुलाबी बुरशी टिकली नाही. रोग्याच्या पायात जिवंतपणी ती कोणास सापडेना. ती नमुन्यावर मागाहून हवेतून येऊन बसलेली उपरी होती, शिळ्या भाकरीवर येते तशी. १८७४ साली कार्टरने स्वतः चितारलेल्या आकृत्यांसह आपला मोठा ग्रंथ लंडनात प्रसिद्ध केला. दुसऱ्याच वर्षी कलकत्त्याहून लुइस व कनिंगहॅम या जोडीने, बुरशी हे या रोगाचे कारण नसावेच, असा अहवाल काढला. कार्टर तोवर साताऱ्यास सिव्हिल सर्जन म्हणून बरीच वर्षे काढून आला होता. त्याने माघार घेतली नाही, पण हट्टही धरला नाही. १८८६ साली, फिक्या कणांतील जंतू गुरांच्या जबड्याच्या रोगातील 'ॲक्टिनोमायसीज'सारखा दिसतो, असे त्यानेच लिहिले. आमच्या मते त्याच्या सगळ्या कामगिरीत हे वाक्य मोठे आहे. कारण त्या वाक्याने त्याच्या स्वतःच्या सिद्धांताचा अर्धा भाग ढासळणार होता.

'ॲक्टिनोमायसीज' म्हणजे किरणांची बुरशी. परंतु ती बुरशी नव्हे. तो तंतुरूप वाढणारा जिवाणू आहे, हे विसाव्या शतकात पक्के ठरले. नावातील बुरशी मात्र तशीच राहिली. १८९४ साली फ्रेंच डॉक्टर व्हिन्सेंट यांनी फिक्या कणांतून असाच जंतू वाढविला. १९०२ साली लाव्हरां यांनी काळ्या कणांतील जीवास नाव दिले, १९०५ साली ब्रुंप यांनी त्यासाठी 'मदुरेल्ला' हे कूळ स्थापिले, आणि १९१३ साली पिनॉय यांनी वाटणी केली : एक मायसेटोमा खऱ्या बुरशीचा, दुसरा जिवाणूचा. कार्टरने केवळ रंगावरून जे दोन भाग पाडले होते ते बरेचसे या वाटणीशी जुळले. काळे कण बुरशीचेच. फिके कण बहुधा जिवाणूचे, क्वचित बुरशीचे.

मदुरेल्लाची गोष्ट येथे संपली नाही. बुरशीची जात ओळखतात ती बीजाणू धरणाऱ्या अवयवांवरून. आणि ही तर बीजाणू धरीच ना! अशांसाठी शास्त्रज्ञांनी 'मायसेलिया स्टेरिलिया', म्हणजे वांझ तंतू, अशी एक धर्मशाळा बांधून ठेवली होती. ज्याचे कूळ कळत नाही त्याने तेथे उतरावे. मदुरेल्ला तेथे जवळजवळ शतकभर राहिली. एकविसाव्या शतकाच्या आरंभी जनुकांच्या तपासणीने तिचे नातलग सापडले. ते निघाले 'कीटोमियम'च्या घराण्यातले. शेण, पेंढा, कागद यांवर पोसणारी ही मंडळी. आमच्या कपाटातील जुन्या मासिकांच्या पुठ्ठ्यांवर दर श्रावणात जे हिरवट ठिपके येतात, त्यांत या घराण्यातील कोणी असल्यास नवल नाही. उलट १९४९ साली मदुरेल्लाची बहीण म्हणून नोंदलेली 'ग्रिसिया' परक्या घरची निघाली व तिला दुसऱ्या कुळात नेऊन बसविण्यात आले.

हा नुसता नावांचा खेळ आहे काय? कणातील जीव जिवाणू असेल तर प्रतिजैविकांनी पाय बहुधा वाचतो. बुरशी असेल तर बुरशीनाशक गोळ्या महिनोन्महिने, कधी वर्षभराहून अधिक घ्याव्या लागतात, जोडीस शस्त्रक्रिया, आणि तरीही कित्येकदा पाय जातो. एकाचे औषध दुसऱ्यास चालत नाही. कागदावर नुसते 'मायसेटोमा' लिहिलेले असेल, तर उपचाराचा प्रश्न तेथे सुटत नाही, सुरू होतो.

त्यात या शब्दास दुसरा अर्थ फुटला आहे. क्षय बरा झाल्यावर फुप्फुसात जी पोकळी उरते तीत कधी बुरशीचा गोळा वाढतो. १९३८ साली देव्हे या फ्रेंच पंडिताने अशा गोळ्यास 'महामायसेटोमा' म्हटले, आणि क्ष-किरण तपासणारे डॉक्टर आजही त्यास मायसेटोमा म्हणतात. हा गोळा बहुधा ॲस्पर्जिलसचा, म्हणजे मामींच्या कांद्याच्या भाऊबंदांचा. त्यात कण नसतात, तो मांसही पोखरीत नाही. आमच्या चाळीतील एका क्षयातून उठलेल्या गृहस्थांच्या अहवालात हा शब्द आला. त्यांच्या पुतण्याने तो शोधून पाहिला तर समोर सुजलेल्या पायांची चित्रे! काकांचे दोन्ही तळपाय दिव्याखाली धरून तपासण्यात अर्धी रात्र गेली.

कार्टरने पुढे १८७७ च्या साथीत मुंबईच्या रोग्यांच्या रक्तातील पुनरावर्ती ज्वराचे मळसूत्री जंतू पाहिले, त्या तापाने स्वतःही अंथरूण धरले, ग्रँट महाविद्यालयाचा प्राचार्य झाला, १८८८ साली निवृत्त झाला व १८९७ साली स्कारबरोला वारला. त्या जंतूसही मागाहून 'कार्टेराय' हे नाव मिळाले होते. तेही आता दुसऱ्या नावात विलीन झाले आहे. बर्कलींची हिमाची बुरशी कोणत्याही चालू सूचीत रोगकारक म्हणून उभी नाही. २०१६ साली जागतिक आरोग्य संघटनेने उपेक्षित उष्णकटिबंधीय रोगांच्या यादीत एक नाव वाढविले, ते 'मायसेटोमा'. मामींस आम्ही ही सारी कथा वाचून दाखविली. त्यांनी शेवटपर्यंत ऐकून घेतली, आणि मग विचारले की त्या वर्षी टाकून दिलेल्या कांद्यांचे काय.