कोळंबीच्या अंगरख्याची कुळकथा

भाईंदर पश्चिमेला स्टेशनबाहेर उत्तनची बस मिळते. मुर्धा, राई, मोर्वा ही जुनी गावं मागे टाकत ती समुद्राकडे जाते. बस सुटते त्या टोकाला औषधांची दुकानं आहेत आणि पोचते त्या टोकाला मासळी सुकवण्याची खळी. दुकानात गुडघेदुखीसाठी मागितल्या जाणाऱ्या कितीतरी गोळ्यांच्या पाकिटावर ‘ग्लुकोसामीन’ हे नाव छापलेलं असतं. तिकडे सोडे करायला बसलेल्या बायकांच्या पुढ्यात कोळंबीच्या सालांचा ढीग साठत जातो. ही गोळी आणि ती साल यांचं नातं आई-लेकीचं आहे. गोळीतलं ग्लुकोसामीन बहुधा कोळंबी-खेकड्याच्या कवचापासूनच काढलेलं असतं. उत्तनच्या नसेल, पण अशाच कुठल्यातरी बंदरावरच्या कवचापासून.

मीरा-भाईंदरमध्ये हे नातं माहीत असायला हवं, कारण इथे एकाच इमारतीत एका मजल्यावर पर्युषणाचे उपास चाललेले असतात आणि दुसऱ्या मजल्यावर जवळ्याची चटणी भाजली जात असते. दोन्ही घरांत गुडघे दुखणारी आजी असते, आणि दोघींच्या हातात तीच गोळी पडते. गोळीच्या नावात मात्र ना समुद्र आहे ना कोळंबी. हे असं कसं झालं ते समजून घ्यायचं तर दोनशे वर्षं मागे जावं लागतं, आणि सुरुवात होते ती समुद्रापासून बऱ्याच दूर, फ्रान्समधल्या नॅन्सी गावात, अळिंब्यांपासून.

नॅन्सीच्या वनस्पती-उद्यानाचे प्रमुख हेन्री ब्राकोनो यांनी 1811 मध्ये अळिंबीचा गर क्षारात उकळला. बाकी सगळं विरघळलं, पण एक चिवट पदार्थ तसाच खाली राहिला. अळिंबी म्हणजे फंगस, म्हणून त्यांनी त्याचं नाव ठेवलं ‘फंगीन’. हे नाव टिकलं नाही. बारा वर्षांनी, 1823 मध्ये, ऑगस्त ओदिए यांनी भुंग्याच्या जातीच्या किड्यांचे वरचे कडक पंख घेतले, तेही क्षारात उकळले, आणि त्यांच्याही हाती तसाच न विरघळणारा भाग लागला. पंखांचा आकार जशाच्या तसा आणि अंगाने पारदर्शक. खेकड्याच्या पाठीतही तोच पदार्थ असल्याचं त्यांच्या लक्षात आलं. किड्याच्या अंगावरचं हे वस्त्रच, असं मानून त्यांनी ग्रीक ‘खितोन’वरून त्याला ‘शितीन’ म्हटलं. आपण इंग्रजीच्या वाटेने त्याला ‘कायटिन’ म्हणतो.

खितोन म्हणजे प्राचीन ग्रीक लोक अंगावर घालत तो सैलसर अंगरखा. हा शब्दही मुळात ग्रीकांचा नव्हे. भाषेचे अभ्यासक त्याचं मूळ पश्चिम आशियातल्या सेमिटिक भाषांत शोधतात. तिथे या धातूचा अर्थ जवस किंवा जवसाच्या धाग्याचं कापड, म्हणजे लिनन. व्यापाऱ्यांबरोबर कापड गेलं आणि कापडाबरोबर त्याचं नाव गेलं. आज शाळेच्या पुस्तकात झुरळाच्या कवचाचं वर्णन वाचणारा मुलगा नकळत मेसोपोटेमियाच्या विणकरांचा शब्द उच्चारत असतो, याचं मला मनापासून अप्रूप वाटतं. खडकाला चिकटून राहणाऱ्या एका सागरी जीवालाही लिनिअसने 1758 मध्ये ‘खितोन’ हेच नाव दिलं होतं, त्यामुळे पुस्तकं चाळताना दोघांची गल्लत होऊ शकते. त्या जीवाच्या पाठीवरच्या पट्ट्या मात्र मुख्यतः चुन्याच्या असतात.

ओदिए यांच्या मते या पदार्थात नायट्रोजन नव्हता. तो आहे, हे 1843 मध्ये लासेन्य यांनी दाखवलं. पुढची सगळी कथा या नायट्रोजनभोवती फिरते.

1876 मध्ये गेओर्ग लेडरहोझ या तरुण जर्मनाने लॉबस्टरचं, म्हणजे आपल्या शेवंडीच्या दूरच्या भाऊबंदाचं कवच घेतलं आणि ते तीव्र हायड्रोक्लोरिक आम्लात तापवलं. क्षाराला दाद न देणारं कायटिन इथे तुटलं आणि त्यातून स्वच्छ स्फटिक निघाले. तपासल्यावर ती एक साखर निघाली, पण साधी नाही. तिच्यात नायट्रोजनही होता. तिचं नाव पडलं ग्लुकोसामीन. लेडरहोझ पुढे शल्यवैद्य झाले. पायाच्या तळव्यात गाठी येण्याच्या एका विकाराला आजही त्यांचं नाव आहे, आणि अस्थिरोगतज्ज्ञ त्यांना बहुधा त्यामुळेच ओळखतात.

ग्लुकोसामीन हे नाव दोन तुकड्यांचं आहे. पहिला तुकडा ग्लुकोजचा. तो गोड या अर्थाच्या ग्रीक शब्दावरून आला. दुसरा अमाइनचा. अमाइन अमोनियावरून आलं, आणि अमोनिया ज्या क्षारावरून आला तो आपल्याकडे जुन्या घरांत सगळ्यांना ठाऊक होता: कल्हईवाला तापलेल्या पातेल्यात चिमूटभर टाकायचा आणि पांढऱ्या धुराचा लोट उठायचा, तो नवसागर. म्हणजे रसायनशास्त्रज्ञाच्या दृष्टीने हे नाव अगदी चोख आहे. साखर आहे, तिला नायट्रोजनाचा गट जोडलेला आहे, एवढं ते बिनचूक सांगतं. पदार्थ कसा बांधलेला आहे ते कळतं, कुठून आला ते कळत नाही. कायटिनने निदान अंगरखा तरी सांगितला होता. ग्लुकोसामीनमध्ये अंगावरचं काहीच उरलं नाही.

त्यांचं तिसरं भावंड कायटोसन. शार्ल रूजे यांनी 1859 मध्ये कायटिन तीव्र क्षारात बराच वेळ तापवलं, तेव्हा ते बदललं आणि सौम्य आम्लात विरघळू लागलं. त्याचं कायटोसन हे बारसं 1894 मध्ये होपे-झायलर यांनी केलं. आणखी एक नाव या घराण्याला जोडलेलं आहे, तेही अनपेक्षित. एलएसडी हे भ्रम उत्पन्न करणारं रसायन ज्यांनी शोधलं त्या आल्बर्ट हॉफमन यांनी 1929 मध्ये झुरिकला पीएच.डी. मिळवली ती कायटिनवर. गोगलगायीच्या पोटातल्या पाचकरसाने त्यांनी कायटिन तोडून दाखवलं आणि त्याची रचना उलगडली. ग्लुकोसामीनच्या रेणूची नेमकी ठेवण 1939 मध्ये हॉवर्थ यांनी निश्चित केली.

हे सगळं घरी पाहायचं असेल तर फार सामान लागत नाही. उत्तनच्या ख्रिस्ती कोळ्यांच्या स्वयंपाकघरात व्हिनेगर असतंच. कोळंबी सोलल्यावर चार साली धुऊन वाटीतल्या व्हिनेगरमध्ये टाकाव्यात. थोड्या वेळात सालीवर बारीक बुडबुडे धरतात. सालीतला चुना, म्हणजे कॅल्शियम कार्बोनेट, आम्लात विरघळत असतो आणि कार्बन डायऑक्साइड सुटत असतो. रात्रभर ठेवून सकाळी साल उचलली की तिचा करकरीतपणा गेलेला असतो. बोटाभोवती गुंडाळता येईल इतकी ती मऊ होते, पण फाटत नाही. चुना गेला तरी जी चिवटाई उरली ती कायटिनच्या तंतूंची आणि त्याला बिलगलेल्या प्रथिनांची. नव्या इमारतीच्या स्लॅबमधलं काँक्रीट काढून घेतलं आणि सळ्यांची जाळी तेवढी ठेवली, तसंच हे.

कारखान्यातही हेच होतं, फक्त जास्त कडक रसायनांनी. आधी आम्लाने चुना काढतात, मग क्षाराने प्रथिनं काढतात, उरतं ते पांढुरकं कायटिन. ते गरम, तीव्र कॉस्टिक सोड्यात शिजवलं की कायटोसन होतं. तीव्र हायड्रोक्लोरिक आम्लात शिजवलं की ग्लुकोसामीन. कच्च्या मालाला तोटा नाही. सोललेली कोळंबी परदेशी पाठवायची तर डोकं आणि साल मिळून जवळजवळ निम्मं वजन मागे राहतं, आणि ते काही तासांत कुजायला लागतं. कोचीच्या केंद्रीय मत्स्य तंत्रज्ञान संस्थेने या टाकाऊ मालापासून कायटिन आणि कायटोसन बनवण्याचं तंत्र विकसित केलं. केरळात आणि गुजरातेत वेरावळला त्याचे कारखाने उभे राहिले.

नावं तीन आणि त्यांचे बाजारही तीन. कायटिन हा शब्द अजूनही मुख्यतः जीवशास्त्राच्या पुस्तकात राहतो. कीटकनाशकांच्या डब्यावर तो अप्रत्यक्षपणे येतो: नोव्हॅल्युरॉनसारखी औषधं अळीला नवं कायटिन बनवू देत नाहीत, त्यामुळे कात टाकतानाच ती मरते. कायटोसन नाशिककडच्या द्राक्षबागायतदारांना फवारणीमुळे परिचयाचं आहे. जखमेवर दाबून धरायच्या, रक्तस्राव थांबवणाऱ्या पट्ट्यांतही ते असतं. 2002 मध्ये अमेरिकेत अशा पट्टीला मान्यता मिळाली आणि पुढे सैनिकांनी ती युद्धभूमीवर वापरली. ग्लुकोसामीन मात्र थेट घराघरांत शिरलं, ते गुडघ्यांमुळे.

आपल्या सांध्यांच्या कुर्चेत जे लांबलचक रेणू असतात ते घडवायला शरीर स्वतःच ग्लुकोसामीन बनवतं. मग ते बाहेरून दिलं तर झिजलेली कुर्चा भरून येईल, असा सरळ तर्क होता. 1997 मध्ये जेसन थिओडोसाकिस यांचं संधिवातावरचं पुस्तक अमेरिकेत गाजलं आणि या गोळ्यांचा खप फोफावला. त्यानंतर मोठी तपासणी झाली. 2006 मध्ये 1583 रुग्णांवरच्या चाचणीचे निष्कर्ष प्रसिद्ध झाले, आणि सगळ्या रुग्णांचा एकत्र विचार करता ग्लुकोसामीनने औषध नसलेल्या गोळीपेक्षा वेदना लक्षणीय कमी केल्याचं दिसलं नाही. 2019 मध्ये अमेरिकेतल्या संधिवाततज्ज्ञांच्या संस्थेने गुडघ्याच्या झिजेसाठी ते वापरू नये असाच सल्ला दिला. काही रुग्णांना बरं वाटतं, ते तसं सांगतातही, आणि त्यांचं दुखणं खरं आहे. पण दर महिन्याला पेन्शनमधून हा खर्च करणाऱ्या माणसाला निदान हे निष्कर्ष कोणीतरी समजावून सांगितले पाहिजेत.

कोळीवाड्यात या पदार्थाला कधी वेगळं नाव लागलं नाही. जवळा तर सालीसकटच खातात. सुकवलेला, तव्यावर कुरकुरीत भाजलेला, कांदा-मिरचीत परतलेला जवळा म्हणजे मूठभर कायटिनही आलंच. माणसाच्या जठरात कायटिन तोडणारं एक विकरही सापडलेलं आहे. सोड्यांसाठी कोळंबी सोलणाऱ्या बाईला ती नुसती साल असते, बाजूला सारायची.

आता बसच्या अलीकडच्या टोकाचा प्रश्न. खाद्यपदार्थाच्या आणि पूरक आहाराच्या वेष्टनावर आपल्याकडे शाकाहाराची हिरवी किंवा मांसाहाराची तपकिरी खूण सक्तीची आहे. औषध म्हणून विकल्या जाणाऱ्या गोळीवर ती सक्ती नाही. म्हणजे तोच रेणू एका डब्यात असला तर खूण दिसते आणि दुसऱ्या पाकिटात असला तर दिसत नाही. आयुष्यभर कांदा-लसूणही वर्ज्य केलेल्या बाईला हे कोणी सांगत नाही, कारण पाकिटावरचं नाव वाचून दुकानदारालाही ते कळत नाही. बाजारात शाकाहारी ग्लुकोसामीनही मिळतं. ते ॲस्परजिलस नायजर या काळ्या बुरशीच्या कायटिनपासून काढतात, म्हणजे ब्राकोनोंच्या ‘फंगीन’चंच ते वंशज. रेणू दोन्हीकडचा सारखाच. वेगळं असतं ते उगमस्थान, आणि व्रत पाळणाऱ्याला नेमकं तेच जाणून घ्यायचं असतं.

उलट बाजूही आहे. ज्यांना कोळंबी सोसत नाही, खाल्ली की अंगावर पित्त उठतं किंवा घसा सुजतो, त्यांच्यासाठी काही पाकिटांवर इशारा असतो. अशी ॲलर्जी मुख्यतः कोळंबीच्या मांसातल्या प्रथिनामुळे होते, सालीतल्या कायटिनमुळे नव्हे, तरी सावधगिरी म्हणून तो इशारा योग्यच आहे. पण तो इंग्रजीत, अतिशय बारीक टायपात असतो, आणि त्यातल्या ‘शेलफिश’ या शब्दाने पुष्कळांच्या डोळ्यांपुढे फक्त शिंपल्या येतात. तिथे ‘कोळंबी, खेकडा यांच्या कवचापासून बनवलेले’ एवढंच मराठीत छापलं तर उपासवाल्या आजीलाही कळेल आणि कोळंबी न सोसणाऱ्यालाही. कायद्याने जोवर ते बंधनकारक होत नाही, तोवर औषध घेताना दुकानदाराकडून कंपनीचा ग्राहक क्रमांक मागून घ्यावा आणि ग्लुकोसामीन कशापासून काढलंय ते विचारावं.